बिस्मार्कचं झाड आणि आमचा ताड



मागच्या भागानंतर बऱ्याच जणांनी विचारलं की पुढची लढाई कोणती. आज लढाई आहे, पण विषय झाडाचा आहे. जर्मनीच्या चॅन्सेलरचं नाव मिरवणारं एक झाड आफ्रिकेजवळच्या बेटावरून निघतं आणि आमच्या लखनौच्या लग्नाच्या लॉनवर येऊन उभं राहतं. या गोष्टीत माझी स्वतःची एक चूकही आहे. ती योग्य ठिकाणी सांगतो, लपवणार नाही.

सुलतानपूर रोडनं शहराबाहेर पडलं की दोन्ही बाजूंना लॉन आणि फार्महाऊस लागतात. त्यांच्या फाटकाशी हल्ली एक ताडाच्या जातीचं झाड दिसतं. पानं पंख्यासारखी पसरलेली, रंग हिरवा नाही, चांदीवर निळी झाक मारावी तसा. रात्री खालून दिवा सोडला की झाड पत्र्यातून कापून काढल्यासारखं चकाकतं. नर्सरीवाले त्याला नुसतं 'बिस्मार्क' म्हणतात. "साहब, दो बिस्मार्क लगवा लीजिए, गेट की शान बढ़ जाएगी." पुण्यात, नाशकात, इंदूरला राहणाऱ्यांनीही हे झाड पाहिलं असेल. नाव ठाऊक नसेल इतकंच.

आमच्या सोसायटीत अशी दोन झाडं आली, तेव्हा सुट्टीत आलेल्या माझ्या नातीनं विचारलं, "आजोबा, बिस्मार्क म्हणजे कोण?" मी खूश झालो. पदोन्नतीच्या परीक्षेसाठी १८६६ आणि १८७० च्या मोहिमा आम्ही घोकलेल्या. मोल्टके, रेल्वेनं सैन्य हलवणं, क्योनिगग्रेट्झ, सगळं तिला सांगून टाकलं. तिनं शांतपणे ऐकलं आणि म्हणाली, "पण मग झाडाला त्याचं नाव का?"

तिथं मी अडकलो. आजचा भाग म्हणजे तिच्या त्या प्रश्नाचं उशिरा दिलेलं उत्तर.

आधी झाडाची ओळख. शास्त्रीय नाव बिस्मार्किया नोबिलिस. या वंशात ही एकच जात. मूळ घर मादागास्कर, तेही सगळं बेट नव्हे. मादागास्करच्या पूर्व किनाऱ्यावर धो धो पाऊस आणि दाट जंगल. पश्चिमेला आणि उत्तरेला मात्र सात-आठ महिने कोरडे, मैलोन् मैल गवताळ माळ. त्या माळावर हे झाड उभं असतं. गवताला दरवर्षी वणवा लागतो किंवा लावला जातो. बाकीची झाडं मरतात, हे टिकतं. पानांवरचा चांदीसारखा रंग म्हणजे मेणाचा थर. बोट फिरवलंत तर बोटाला पांढरं लागतं. त्या उन्हात आणि त्या कोरड्या वाऱ्यात पानातलं पाणी जपायला हा थर कामी येतो. नर झाड वेगळं, मादी झाड वेगळं, आपल्या ताडासारखंच. तिथले लोक पानांनी घरं शाकारतात, टोपल्या विणतात, खोडातून साबुदाण्यासारखं पीठ काढतात. ते जरा कडवट लागतं म्हणे.

त्या लोकांनी झाडाला नाव दिलेलं आहेच. 'सात्रा' किंवा 'सात्राना', काही भागांत 'सात्राबे'. जर्मनीचं एकीकरण होण्याच्या कितीतरी आधीपासून हे नाव तिथं चालत आलेलं आहे.

आता बिस्मार्क कुठून आला? योहान हिल्डेब्रांट नावाचा जर्मन प्रवासी १८७९ मध्ये मादागास्करला पोचला. पूर्व आफ्रिकेत वनस्पती गोळा करण्यात त्याची बरीच वर्षं गेली होती. या बेटावरही त्यानं दोन वर्षं झाडंझुडपं जमवली आणि मे १८८१ मध्ये तिथंच, अंतानानारिव्होला, वारला. वयाची पस्तिशीही गाठली नव्हती. त्याच वर्षी या झाडाचं वर्णन जर्मनीत छापून आलं. नावापुढे दोन माणसांची नावं लागतात, एक हिल्डेब्रांट आणि दुसरा हेर्मान वेन्डलांट. वेन्डलांट हा त्या काळचा ताडवर्गातल्या झाडांचा मोठा जाणकार.

खरी गंमत या वेन्डलांटपाशी आहे. तो हानोफरच्या हेरेनहाउझेन या राजबागेचा प्रमुख. आजोबा त्याच बागेत, वडील त्याच बागेत, तिसऱ्या पिढीत हा. तीन पिढ्या हानोफरच्या राजघराण्याचं मीठ खाल्लेलं. १८६६ मध्ये प्रशिया आणि ऑस्ट्रियाचं युद्ध झालं, आणि हानोफरनं ऑस्ट्रियाची बाजू घेतली. २७ जूनला लांगेनझाल्झाच्या लढाईत हानोफरच्या सैन्यानं प्रशियाला चक्क मागे रेटलं. दोन दिवसांनी त्याच विजयी सैन्याला शस्त्रं खाली ठेवावी लागली, कारण चहूबाजूंनी वेढा आवळला होता. लढाई जिंकून युद्ध हरणं म्हणजे काय, ते शिकवायला मी हे उदाहरण नेहमी देत आलो. पुढे बिस्मार्कनं हानोफरचं राज्यच प्रशियात विलीन केलं. अंध राजा परागंदा झाला. राजघराण्याची मालमत्ता जप्त झाली आणि तिच्या उत्पन्नातून बिस्मार्क वर्तमानपत्रवाल्यांना आपल्या बाजूला वळवत राहिला.

बाग तिथंच राहिली आणि बागेचा प्रमुखही. पंधरा वर्षांनी मादागास्करच्या माळावरच्या झाडाला जे नाव मिळालं ते त्याच बिस्मार्कचं, आणि त्याखाली वेन्डलांटचं नाव. हे मनापासून होतं, रीत म्हणून होतं की नोकरीची सावध चाल होती? कागदावर फक्त नाव आहे. पण पेशवाई बुडाल्यावर ज्यांच्या घराण्यांना एल्फिन्स्टनसाहेबाच्या कचेरीत अर्ज करावे लागले, त्यांच्या वंशजांना वेन्डलांटची गोष्ट समजावून सांगावी लागणार नाही.

आणि एक लक्षात घ्या. १८८१ मध्ये जर्मनीकडे एकही वसाहत नव्हती. मादागास्करमध्ये राणीचं राज्य होतं, स्वतंत्र. ना झाड जर्मनीचं, ना जमीन. नाव मात्र चॅन्सेलरचं.

मग आले फ्रेंच. १८९५ ची त्यांची मादागास्कर मोहीम कुठल्याही फौजेनं अभ्यासावी अशी आहे, कशी करू नये या दृष्टीनं. सैन्य उतरलं वायव्य किनाऱ्यावरच्या माजुंगाला, म्हणजे बरोबर या सात्रानाच्या मुलखात. तिथून राजधानीपर्यंत चढत जायचं होतं. वरिष्ठांनी लोखंडी दुचाकी गाड्या पाठवल्या, आणि गाड्या चालवायच्या तर रस्ता हवा. म्हणून सैनिकांच्या हातात फावडी दिली. दलदल, डास, हिवताप. सुमारे पंधरा हजारांच्या फौजेत शत्रूच्या गोळीनं मेले पंचवीसच्या आसपास, आणि तापानं पाच-सहा हजार. शेवटी जनरल दुशेननं रस्त्याचा नाद सोडला, निवडक माणसं घेऊन धाव मारली आणि ३० सप्टेंबरला राजधानी घेतली. ती माणसं ज्या माळावर फावडी मारत कोसळली, तिथलं उंच झाड म्हणजे हेच. पुढच्या वर्षी मादागास्कर फ्रेंच वसाहत झाली.

१९०४ मध्ये एका फ्रेंच संशोधकानं या झाडाचा स्वतंत्र वंश मोडीत काढून त्याला मेडेमिया या आफ्रिकी वाळवंटातल्या ताडाच्या वंशात घातलं. म्हणजे नावातला बिस्मार्क गेला, मागे उरलं नुसतं नोबिलिस. दोन्ही झाडं नात्यातली आहेत, तेव्हा कारण शास्त्रीय असेलही. मी फौजी माणूस, मला तारीख दिसते आणि झेंडा दिसतो. १८७१ चा पराभव फ्रान्स विसरलेलं नव्हतं, एवढंच म्हणतो. नंतरच्या अभ्यासकांनी दोन्ही झाडं नीट तपासली, ती वेगळी ठरली, आणि नामकरणाच्या नियमानं जुनं नाव परत आलं. नियम सांगतो की आधी छापलेलं नाव खरं. माळावरच्या माणसांनी शेकडो वर्षं तोंडानं घेतलेलं नाव त्या नियमात बसत नाही, कारण ते छापलेलं नव्हतं.

मादागास्करचा आपल्याशी थेट संबंध एकदा आला, १९४२ मध्ये. फेब्रुवारीत सिंगापूर पडलं, एप्रिलमध्ये जपानी आरमारानं सिलोनवर हल्ला चढवला. मादागास्कर फ्रान्सच्या व्हिशी सरकारच्या ताब्यात होतं. उद्या जपानी पाणबुड्या तिथं तळ ठोकून बसल्या, तर केपला वळसा घालून मुंबईला येणारी सगळी रसद धोक्यात. म्हणून ५ मेला ब्रिटिश फौज बेटाच्या उत्तर टोकाला दिएगो सुआरेझजवळ उतरली. त्यातल्या दोन ब्रिगेड मुळात हिंदुस्थानकडे निघालेल्या होत्या, काम संपवून त्या इकडे आल्याही. भीती खोटी नव्हती. मेच्या अखेरीस जपानी छोट्या पाणबुड्यांनी त्या बंदरात घुसून रॅमिलीज या युद्धनौकेवर पाणतीर सोडला. हे मी थोडक्यात आटपतो, तो वेगळ्या भागाचा विषय आहे.

आता लखनौला परत येऊ, आणि माझ्या चुकीकडे.

आमच्या सोसायटीच्या कुंपणालगत एक जुना ताड होता. सोसायटी झाली त्याच्या कितीतरी आधीचा, जमीन शेताची होती तेव्हाचा. भिंतीकडे थोडा कललेला. उन्हाळ्यात मागच्या वस्तीतले एक वयस्क गृहस्थ पहाटे येऊन त्यावर चढायचे. कमरेला दोराचा फास, पायात दुसरा, पाठीला लबनी. लबनी म्हणजे ताडी धरायचं मडकं. मला बघितलं की वरूनच "राम राम, कर्नल साहब" म्हणायचे. मी मूळचा पालघरकडचा, केळव्याचा. ताडगोळ्यांवर वाढलेला माणूस. मला त्या हाकेत घर ऐकू यायचं.

कमिटीला मात्र तो ताड नको होता. पिकलेली फळं गाड्यांवर पडतात, बाहेरचा माणूस आत येतो, ताडीचा वास येतो, वगैरे. फाटकाच्या सुशोभीकरणाचा ठराव आला, त्यात एक ओळ होती, 'धोकादायक वृक्ष हटवून दोन बिस्मार्क पाम लावणे.' कमिटीवर मी होतो. दोन झाडांची किंमत ऐकून दचकलो, माझ्या फौजेतल्या पहिल्या वर्षाच्या पगाराहून जास्त होती. पण मी वाद घातला तो किमतीवर. ताडावर एक शब्द बोललो नाही. परवानगीचे कागद झाले आणि तिसरी सही माझी आहे.

ताड कापायला अर्धा दिवस लागला. करवतीची साखळी दोनदा बदलावी लागली. जुन्या ताडाचं खोड बाहेरून काळं पोलादासारखं असतं, ज्यांनी घराला ताडाच्या तुळया पाहिल्यात त्यांना ठाऊक आहे. ते गृहस्थ दुसऱ्या दिवशी पहाटे आले, बुंध्याकडे पाहिलं, लबनी खांद्यावर तशीच ठेवून परत गेले. काही बोलले नाहीत. बोलले असते तर बरं झालं असतं.

पुढे नातीच्या प्रश्नामागे लागून बिस्मार्कबद्दल वाचत होतो, तेव्हा एक गोष्ट हाती आली. मार्च १८९० मध्ये तरुण कैसरनं बिस्मार्कला घरी बसवलं. त्याच्या जागी आला जनरल लिओ फॉन काप्रिव्ही, सज्जन, शिस्तीचा फौजी माणूस. तो चॅन्सेलरच्या बंगल्यात राहायला आला आणि त्यानं बागेच्या बाजूची जुनी मोठी झाडं तोडून टाकली. बिस्मार्कनं आपल्या आठवणींत याचा राग नोंदवून ठेवला आहे. काप्रिव्हीच्या राजकारणावर त्याचे हजार आक्षेप होते, पण ती झाडं तोडल्याचं कळल्यापासून या माणसाच्या स्वभावावरचा आपला विश्वास डळमळला, अशा अर्थाचं तो लिहितो. राजकीय मतभेद एक वेळ सोसले असते, हे नाही. तीन युद्धं लावणारा माणूस हा. त्याच्या नावाचं झाड लावायला मी शंभरी गाठत आलेलं झाड तोडायला सही दिली होती, आणि वर मीही फौजीच. पुस्तक मिटून ठेवलं त्या रात्री.

ते गृहस्थ पासी समाजाचे. अवधात ताड आणि पासी हे जुनं नातं आहे. पासी हे नावच 'पाश' शब्दावरून आलं, ताडावर चढायच्या फासावरून, असं बहुतेक जण सांगतात. हा समाज एके काळी या भागात गढ्या बाळगून होता. आजच्या लखनौत आशियाना भागात बिजली पासीच्या किल्ल्याचे अवशेष आहेत. इंग्रजांच्या राज्यात मात्र याच समाजाचं नाव 'गुन्हेगार जमातीं'च्या यादीत गेलं. तो कायदा १९५२ मध्ये हटला.

आणि आता लढाई. १६ नोव्हेंबर १८५७. सर कॉलिन कॅम्पबेल रेसिडेन्सीत अडकलेल्या इंग्रजांना सोडवायला निघालेला. वाटेत सिकंदर बाग. वाजिद अली शाहनं बेगम सिकंदर महलसाठी बांधलेली ही बाग, चारी बाजूंनी उंच भिंत, आत क्रांतिकारी शिपायांची मोठी तुकडी. तोफांनी भिंतीला एक अरुंद भगदाड पाडलं आणि ९३ वी हायलँडर्स आणि चौथी पंजाब इन्फन्ट्री आत घुसल्या. हो, पंजाब इन्फन्ट्री. दोन्ही बाजूंनी आपलीच माणसं होती, हे विसरू नये. संगिनींची लढाई. बागेला बाहेर पडायला वाट नाही, त्यामुळे आतले जवळजवळ सगळे, सुमारे दोन हजार, तिथंच कापले गेले. त्या एका दिवसाच्या लढाईसाठी जितके व्हिक्टोरिया क्रॉस दिले गेले तितके दुसऱ्या कुठल्याही दिवसासाठी दिले गेले नाहीत. पुढच्या वर्षी फेलिचे बेआतोनं तिथं फोटो काढला, पुढे विखुरलेली हाडं आणि मागे पडका महाल. तो फोटो तुम्ही इतिहासाच्या पुस्तकात पाहिला असेल.

९३ व्या हायलँडर्समधल्या विल्यम फोर्ब्स-मिचेलनं १८९३ मध्ये आठवणी छापल्या, त्यात एक प्रसंग आहे. लढाई थंडावल्यावर बागेतल्या एका मोठ्या पिंपळाखाली पाण्याचे रांजण होते. तहानलेले गोरे शिपाई तिथं जात आणि मरून पडत. एका अधिकाऱ्याच्या लक्षात आलं की जखमा वरून खाली गेलेल्या आहेत. वर पाहिलं, तर पानांत कुणीतरी दडलेलं. वॉलेस नावाच्या शिपायानं नेम धरून ते खाली पाडलं. खाली पडल्यावर अंगरखा उघडला आणि कळलं, ती बाई आहे. जवळ घोडदळाची दोन जड पिस्तुलं. फोर्ब्स-मिचेल लिहितो की वॉलेसला रडू कोसळलं.

त्या पुस्तकात तिला नाव नाही. नाव लोकांनी जपलं. ऊदा देवी, पासी समाजाची. तिचा नवरा मक्का पासी त्याच वर्षी जूनच्या अखेरीस चिनहटच्या लढाईत पडला होता, असं परंपरा सांगते. आज सिकंदर बागेच्या चौकात तिचा पुतळा आहे आणि १६ नोव्हेंबरला लोक जमतात. इथंही तेच झालं बघा. छापलेल्या कागदात नाव नाही, तोंडातोंडी आहे. काही इतिहासकार म्हणतात, पिंपळावरची बाई आणि ऊदा देवी एकच, याला लेखी पुरावा कुठे? प्रश्न रास्त आहे. माझं म्हणणं, लेखी पुरावा ज्यांच्या हातात होता त्यांनी नाव विचारलं नव्हतं.

एक गोष्ट माझं अनुमान म्हणून सांगतो. दोन जड पिस्तुलं घेऊन झाडावर चढायचं, तासन् तास तोल सांभाळून बसायचं आणि वरून खाली नेम धरायचा, हे जमिनीवरच्या शिपायाचं काम नाही. पलटणीत अशी माणसं मी पाहिली आहेत, आणि ती बहुतेक लहानपणी झाडावर चढलेली होती. ताडावर चढणाऱ्यांच्या घरातली बाई पिंपळावर चढली, तर त्यात नवल काय?

आणि याच सिकंदर बागेचं पुढे काय झालं? वनस्पती उद्यान झालं. स्वातंत्र्यानंतर ते उभं केलं कैलास नाथ कौल यांनी. हे कमला नेहरूंचे भाऊ, पण त्याहून महत्त्वाचं म्हणजे ते ताडवर्गाचे अभ्यासक होते. ताड, माड, खजूर यांच्या खोडाचा आडवा छेद घेऊन आतल्या उतींवरून त्यांचे गट पाडायची पद्धत त्यांनी मांडली. १९५३ मध्ये हे उद्यान केंद्रीय विज्ञान परिषदेकडे गेलं आणि १९७८ पासून त्याचं नाव राष्ट्रीय वनस्पती संशोधन संस्था. तिथं ताडवर्गाचं वेगळं घर आहे. लखनौला आलात तर इमामबाडा बघाच, पण अर्धा दिवस इथं काढा. भिंतीचा आणि दरवाजाचा जुना भाग अजून उभा आहे.

कौलांनी केलेली खोडाची वर्गवारी दगड झालेल्या खोडांनाही लागू पडते. ती दगडी खोडं सापडतात कुठे? आपल्या विदर्भात. वर्धा जिल्ह्यातल्या नवरगावला, शेजारच्या छिंदवाड्यात, मंडला-दिंडोरीकडे. जबलपूरला पोस्टिंग असताना मी घुघुआचं जीवाश्म उद्यान पाहिलं होतं. ताडाचे ओंडके शेतात पडावेत तसे पडलेले, हात लावला तर गार दगड. तेव्हा फोटो काढून परत आलो, डोक्यात काही शिरलं नाही.

दख्खनचा लाव्हा साडेसहा कोटी वर्षांपूर्वी वाहिला, एकदा नव्हे, पुन्हा पुन्हा. दोन लाव्ह्यांच्या मधल्या शांत काळात तळी साठली, झाडं उगवली, आणि पुढच्या लाव्ह्यानं त्यांना गाडून टाकलं. त्या थरांतल्या झाडांचा अभ्यास लखनौला बिरबल साहनींनी रुजवला. त्यांच्या संस्थेची कोनशिला नेहरूंनी ३ एप्रिल १९४९ ला बसवली. त्या शिळेतच जीवाश्म जडवलेले आहेत, कल्पना साहनींचीच. त्यानंतर एका आठवड्यात साहनी गेले.

त्याच संस्थेतल्या संशोधकांनी १९८२ मध्ये या थरांतल्या एका ताडफळाचं वर्णन केलं, नाव हायफेनिओकार्पॉन इंडिकम. २०१९ मध्ये त्या जातीची फळं पुन्हा तपासली गेली, यंत्रानं आतल्या थरांची चित्रं घेऊन. काम करणाऱ्यांत अमेरिकेतल्या केली मात्सुनागा होत्या, लखनौच्या साहनी संस्थेच्या रश्मी श्रीवास्तव होत्या आणि भंडाऱ्याच्या जे. एम. पटेल महाविद्यालयाचे दशरथ कापगते होते. निष्कर्ष असा निघाला की हे फळ ताडांच्या ज्या उपगटात बसतं, तो उपगट म्हणजे बिस्मार्किया आणि त्याच्या सख्ख्या चुलतभावंडांचा.

म्हणजे मादागास्करच्या या झाडाचे जवळचे नातलग साडेसहा कोटी वर्षांपूर्वी आपल्या नागपूर-जबलपूरच्या मुलखात उभे होते. तेव्हा आपली भूमी मादागास्करपासून तुटून दोन कोटी वर्षं झाली होती, आशियाला अजून चिकटायची होती. समुद्रात एकटी, उत्तरेकडे सरकणारी. विदर्भच तेव्हा बेटावर होता म्हणा ना. त्या उपगटातला एक भाऊबंद आजही आपल्याकडे जिवंत आहे. सौराष्ट्र, दीव आणि आपल्या किनाऱ्यावर कुठे कुठे दिसणारा रावणताड, ज्याच्या खोडाला फांद्या फुटतात. लहानपणी आम्ही त्याला दहा तोंडांचा म्हणायचो. तोही आता कमी होत चालला आहे. आणि साधा ताड? तोही त्याच मोठ्या कुळातला. मी पाहुण्यासाठी घरच्याला तोडलं असं मला वाटत होतं. खरं तर दोघं एकाच घरातले निघाले.

सोसायटीतली हकिगत पुरी करतो. दोन बिस्मार्कांपैकी एक पहिल्याच उन्हाळ्यात गेला. या झाडाला मुळांना हात लावलेला खपत नाही. मोठं झाड मुळं तोडून उचललं की ते महिनोन् महिने उभं राहतं आणि मग एकदम मधला कोंब सडतो. नर्सरीवाल्यानं हे सांगितलं नव्हतं, आम्हीही विचारलं नव्हतं. दुसरा तगला आहे. लखनौच्या जानेवारीतलं धुकं त्यानं दोनदा काढलं. झाड देखणं आहे, मला त्याच्याबद्दल राग नाही. माळ्याकडून त्याच्यापुढे एक पाटी लावून घेतली, वर 'सात्राना', खाली बारीक अक्षरात 'बिस्मार्क पाम'. कमिटीतल्या एकानं विचारलं, हे कुठलं स्पेलिंग? मी म्हटलं, मूळ नाव आहे.

रिकाम्या झालेल्या खड्ड्यात मी ताडाच्या तीन आठळ्या पुरल्या आहेत. त्या ताडी काढणाऱ्या गृहस्थांच्या घरी जाऊनच मागून आणल्या. जायला मला चार महिने लागले, एवढंही सांगतो. त्यांनी चहा दिला, आठळ्या निवडून दिल्या, आणि कशा ठेवायच्या ते दाखवलं. कापलेल्या झाडाबद्दल मी बोललो, तेव्हा म्हणाले, "साहब, वो मेरे बाबा के टाइम का था." पुढे काही नाही.

ताडाची आठळी रुजली की कोंब आधी खाली जातो, हात-दीड हात जमिनीत, आणि मग तिथून पान वर येतं. बिस्मार्कचंही तसंच. त्यामुळे पावसाळा संपला तरी वर काही दिसत नाही. माळी दर आठवड्याला विचारतो, "साहब, इसमें पानी डालना है?" मी हो म्हणतो. कमिटीचं पत्र आलं आहे की फाटकाजवळचा खड्डा रिकामा का, तिथं दुसरा बिस्मार्क कधी येणार. उत्तर अजून दिलेलं नाही. पुढच्या भागात दिएगो सुआरेझ.